तळवलीच्या धवल्यात माझं नाव

"नवरी कंची?" हिराबायनं विचारलं, आणि आमचं रेकॉर्डिंग तिथंच अडलं.

तळवलीत एका घराच्या अंगणात मी टेप मशीन मांडून बसलो होतो. साठ-एकसष्टचा सुमार. गावात वीज नव्हती. मोटारीच्या दोन बॅटऱ्या आणि त्यांच्या करंटवर मशीन चालवणारा कन्व्हर्टर, असं सगळं धूड आम्ही ठाण्यावरून व्हॅनमध्ये आणलं होतं. बॅटरी उतरायला लागली की मशीन हळू पळतं. मग तीच टेप ऑफिसात वाजवली की बाईचा आवाज चिमणीसारखा येतो. त्यामुळे माझा एक डोळा सतत बॅटरीवर.

ही हौस डिसूझासाहेबांची. ते आमच्या रेकॉर्ड कंपनीत मोठ्या हुद्द्यावर होते. त्यांनी अमेरिकेतल्या काळ्या बायकांची रेकॉर्ड ऐकली होती. त्या गाण्यांना ब्लूज म्हणतात. घर सुटलं, माणूस सुटलं, त्याची हुरहुर. साहेब आठवडाभर तेच वाजवत होते. मग म्हणाले, "दत्ता, असं आपल्याकडचं पायजे. ओन्ली लेडीज. पेटी नको, तबला नको." दोन रेकॉर्डी, चार बाजू, एका पाकिटात. साहेब त्याला आल्बम म्हणत. अशी गाणी ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या आगरी बायका गातात, असं कोणीतरी सांगितलं, आणि आम्ही निघालो.

हिराबाय धवलारीण. म्हणजे लग्नात धवले गाऊन विधी पार पाडणारी बाई. तिच्याबरोबर तिच्या दोन जावा आणि एक शेजारीण. तीन बाजू सकाळीच झाल्या. कांडणाची, भातलावणीची आणि खाडीवरची गाणी. बायका काय गायल्या म्हणून सांगू! चौथी बाजू राहिली होती, ती मुलीच्या पाठवणीच्या धवल्याची.

"नवरी नको बाई," साहेब म्हणाले, "खाली गाना पायजे."

"मंग नाव कोनाचं घेऊ?"

तेव्हा आम्हाला उलगडा झाला. धवल्यात जागोजागी नावं घालावी लागतात. नवरीचं, तिच्या आईबापाचं, नवऱ्याचं. नावाशिवाय गाणं पुढंच सरकत नाही.

"कायपण घ्या. शांता घ्या."

"शांता माज्या जावंची पोर हाय!" हिराबाय उसळली. "लगीन ठरल्याबिगर तिचं नाव धवल्यात घालू? जल्लं मेलं तुमचं रेकाट!"

साहेबांनी आणखी चार नावं सुचवली. प्रत्येक नावाची कोणी ना कोणी बिनलग्नाची पोरगी गावात निघाली. आणि इकडे माझी बॅटरी उतरत होती.

"माझं घ्या," कर्णिकबाई म्हणाल्या. "कुसुम."

कर्णिकबाई आमच्या ऑफिसातल्या. गाण्यांचे शब्द उतरवून घ्यायला आल्या होत्या. मला त्या आवडायच्या. हे आत्ताच सांगून टाकतो, म्हणजे पुढचं कळेल. टेपच्या डब्यांवरची लेबलं मी लिहायचो आणि त्या तपासायच्या. मी मुद्दाम चुका करायचो, म्हणजे त्या लाल पेन्सिल घेऊन माझ्या टेबलाशी येत. "दत्ताराम, 'आशिर्वाद' असा लिहितात का हो?" दोन वर्षं माझी एवढीच मजल. त्यांचे वडील गेलेले, मागं आई आणि शिकणारा भाऊ. त्यांनी वयाची तिशी गाठली होती. मी विचारावं असं रोज सकाळी ठरवायचो आणि संध्याकाळपर्यंत शेपूट घालायचो.

हिराबायनं त्यांना नीट न्याहाळलं. "लगीन झालंय?"

"नाही."

"आयबापाचं नाव सांग."

त्यांनी सांगितलं. हिराबायनं पाट मागवला आणि त्यांना त्यावर बसवलं. मूठभर तांदूळ हातात घेतले.

"कोनाशी ठरलंय? नवऱ्याचं नाव?"

कर्णिकबाई वहीकडे बघत राहिल्या.

"मिस कर्णिक, कोणाचा पण सांगा ना, बॅटरी खलास होणार!" साहेब करवादले.

मी कानावरचे हेडफोन काढले आणि म्हटलं, "दत्ताराम."

मी म्हणालो खरा, पण आवाज माझाच का, अशी मला शंका आली. कर्णिकबाईंनी मान वर केली नाही. वहीत नाव तेवढं लिहिलं.

मग चौघी गायल्या. मी आयुष्यात पुष्कळ नामवंत गळे टेप केले, पण असं गाणं पुन्हा ऐकलं नाही. कुसुम आईचा उंबरा सोडून निघालीय, आई दाराआड उभी आहे, खाडीला भरती आहे, होडी थांबायची नाही. कर्णिकबाईंची पेन्सिल दुसऱ्या कडव्यालाच थांबली. त्या रडत होत्या, अगदी आवाज न करता.

आता माझ्या कामाबद्दल. मशीनवर एक काटा असतो, तो आवाजाची लेव्हल दाखवतो. आवाज चढला की बटण मागं फिरवायचं, काटा तांबड्यात जाऊ द्यायचा नाही. गेला की आवाज फाटतो. ही माझी रोजीरोटी. चौघींनी वरच्या पट्टीत 'दत्ताराम' म्हटलं, मी कर्णिकबाईंकडे बघत होतो, आणि काटा तांबड्यात जाऊन आपटला.

हिराबायनं तांदूळ उधळले. थोडे कर्णिकबाईंवर पडले, थोडे माझ्या मशीनवर.

साहेबांनी हेडफोनवर ऐकलं. "दत्ता, नावावर आवाज फाटला! अजून एक टेक घे."

"नाय," हिराबाय म्हणाली. "एका नवरीला दोनदा वाटंला लावत नाय."

साहेबांनी हात जोडले, पण ती बधली नाही. तोच टेक घेऊन आम्ही निघालो.

व्हॅनमध्ये मी आणि कर्णिकबाई मागं, मशीन धरून. त्यांनी विचारलं, "तुम्ही तुमचं नाव का सांगितलंत?"

अहो, याहून सोपं काय हवं होतं? बाईनं दार उघडून धरलं होतं. आणि मी म्हटलं, "चालीत बसत होतं. चार अक्षरी आहे ना."

"हो, बसलं खरं," त्या म्हणाल्या, आणि ठाणं येईपर्यंत खाडीकडे बघत राहिल्या. मी माती खाल्ली होती, आणि हे मला तेव्हाच कळलं होतं.

सहा महिन्यांनी त्यांच्या मामानं इंदूरचं स्थळ आणलं. त्यांनी लग्नाची पत्रिका माझ्या टेबलावर ठेवली. मी म्हटलं, "अभिनंदन." त्या क्षणभर उभ्या राहिल्या, मग गेल्या. मधल्या सहा महिन्यांत त्यांनी वाट पाहिली असेल का? नसेलही. मी मात्र हा हिशोब अजून करतो.

आल्बम मुंबईत कोणी घेतला नाही. पण खाडीकाठच्या गावांत लग्न म्हटलं की लाउडस्पीकरवर तीच चौथी बाजू.

पाच-सहा वर्षांनी कंपनीतल्या ड्रायव्हरच्या मुलीच्या लग्नाला घणसोलीला गेलो. मांडवात कुसुम आणि दत्ताराम यांचं लग्न जोरात चाललं होतं, माझं नाव फाटक्या आवाजात. आणि समोर हिराबाय. तिनं लगेच ओळखलं.

"जावयबापू! आनि कुसुम? तिला नाय आनली?"

खरं सांगायला तोंड उघडलं.

"माहेरी गेलीय," मी म्हटलं.

"मंग आनाला जा की रं! किती दिस ठेवशील पोरीला तिकडं? मी वाटंला लावलेली हाय ती."

"जातो," मी म्हटलं. तिनं कुसुमसाठी म्हणून दोन लाडू माझ्या रुमालात बांधून दिले.

त्यानंतर मी कंपनीत एक नियम करून घेतला. बाहेरच्या रेकॉर्डिंगला जाताना गाण्यात लागणारी नावं आधीच टाइप करून न्यायची, आणि त्यात स्टाफपैकी कोणाचं नाव घालायचं नाही.

"का रे?" साहेबांनी विचारलं.

"लेव्हल बिघडते," मी म्हटलं.