बांधापलीकडची बोअर

शाळेतून निवृत्त झालो तेव्हा माझ्याजवळ भरपूर वेळ होता आणि होटगीजवळ वडिलांची तीन एकर जमीन. तीस वर्षं सोलापुरात पोरांना भूमिती शिकवलेली. असा माणूस रिकामा बसला की आधी स्वतःचं शेत मोजतो. मीही मोजलं, कापडी टेप घेऊन. दुसरं टोक धरायला बायको होती. पूर्वेच्या बाजूला चार फूट कमी भरले. टेप ताणला जातोय, असं बायको तीनदा म्हणाली. पण भूमिती तिचा विषय नव्हता.

पूर्वेचं शेत एका म्हाताऱ्या मेंढपाळाचं. त्यांना मी मामा म्हणायचो. त्यांना तिथंच गाठून म्हणालो, "मामा, तुम्ही बांध सरकवलाय."

"मी कशाला सरकवू? मी मेंढरामागं हिंडनारा मानूस. मला बांधाचं काय करायचंय?"

मी दावा लावला. आलेखाच्या कागदावर तीन रंगांत नकाशा काढून वकिलांना दिला. त्यांनी तो टेबलाच्या काचेवर पसरला, त्यावर चहाचा कप ठेवला आणि म्हणाले, "छान आहे. पण कोर्ट सरकारी मोजणीच मानतं."

दोन वर्षांनी कोर्टानं हद्दीच्या मोजणीचा आदेश दिला. मोजणीच्या दिवशी मी इस्त्रीचा शर्ट घालून, नकाशाची गुंडाळी काखेत मारून सकाळी सातलाच शेतात हजर. मोजणीला आलेल्या बाई दहाला आल्या. खांबासारखं एक यंत्र रोवून त्या शांतपणे काम करू लागल्या आणि मी मागं मागं सूचना देत हिंडू लागलो. "इथं जरा बारकाईनं बघा." "काका, यंत्र सगळीकडं सारखंच बघतं," त्या म्हणाल्या.

दुपारी चुन्याची रेघ पडू लागली. बांधाकडून ती पूर्वेला जाईल म्हणून मी उभा होतो, तर ती वळली पश्चिमेला, माझ्याच शेतात. माझ्या तुरीतून सरळ गेली. कोपऱ्यात मोठ्या हौसेनं पाडलेली माझी बोअर तिनं पलीकडं टाकली, मामांच्या शेतात.

"यंत्र बिघडलंय. पुन्हा लावा."

त्यांनी न कुरकुरता पुन्हा लावलं. रेघ आणखी दोन बोटं माझ्याकडं सरकली. तिसऱ्यांदा सांगायचं धाडस मला झालं नाही.

वकील फोनवर म्हणाले, "हरकत घेऊ, फेरमोजणी मागू." आठवडाभर मी त्या विचारात होतो. मग ट्रॅक्टरवाल्याला सहज विचारलं, हे झालं कसं? तो म्हणाला, "सर, दरसाल तुमीच फोन करून सांगता की, अगदी बांधाला घासून नांगर. घासत घासत सरकला आसंल."

म्हणजे चोर सापडला होता, आणि तो इस्त्रीचा शर्ट घालत होता.

दुसऱ्या दिवशी मी मामांकडं गेलो. ते कोकराच्या पायातला काटा काढत होते. मी चुकलो, असं म्हणायला मला एक अख्खा चहा लागला.

"मला ठावं हुतं की," ते म्हणाले.

"मग आधी बोलला का नाहीत?"

"तुमी मास्तर. मास्तरचं गनित चुकलं म्हून कोन सांगनार?"

बोअरचं काय करायचं, हे विचारायला जीभ वळेना. त्यांनीच विषय काढला. "ती काय उचलून न्हेनार हाय का? ऱ्हाऊ द्या तुमच्याकडंच. मेंढरांस्नी पानी पाजू द्या, आन् वरच्या अंगाला तेवढी जागा मला सोडा. झालं."

तसा तडजोडीचा कागद आम्ही दोघांनी सही-अंगठा करून कोर्टात दिला. न्यायाधीशबाईंनी तो वाचला, चष्म्यावरून माझ्याकडं पाहिलं.

"दावा तुम्हीच लावला होता ना?"

"हो."

"आणि जागाही तुम्हीच सोडताय?"

"हो," मी म्हणालो. शेजारी उभे असलेले मामा पटका सावरत म्हणाले, "बाईसायेब, मानूस वाईट न्हाय. जरा लई शिकलेला हाय."

न्यायाधीशबाईंनी हसू दाबत सही केली. पुढच्या आठवड्यात हद्दीचे दगड बसले. खड्डे मामांनी खणले. दगड सरळ बसलाय का, ते बघायचं काम त्यांनी मला दिलं.