बीबी झुवैना यांना अर्पण

रेवाताई उजागरे मस्कतच्या बौशर भागात आमच्या वरच्या मजल्यावर राहतात. मूळच्या नगरच्या. लहानपणी चर्चमधल्या पायपेटीवर त्यांचा हात बसला, पुढे पुण्यात पियानो शिकल्या आणि लग्न होऊन मस्कतला आल्या. यजमान दयानंदभाऊ इथल्याच गाला नावाच्या कारखान्यांच्या भागात एका वर्कशॉपमध्ये सुपरवायझर आहेत. रेवाताई घरीच शिकवणी घेतात. मुलं येतात, परीक्षेपुरते तुकडे घोटतात, सर्टिफिकेट मिळालं की येणं बंद करतात. रेवाताईंचं स्वतःचं वाजवणं त्यामुळे मागेच पडलं होतं. त्याची तक्रार मात्र त्यांनी कधी केली नाही.

त्यांच्याकडे शिकणाऱ्यांत हिबा एकटीच मोठी. ओमानी मुलगी, दातांची डॉक्टर. गेल्या वर्षी एका संध्याकाळी शिकवणी संपल्यावर तिने पिशवीतून जुने पिवळे कागद काढले. शाईने, हाताने लिहिलेलं संगीत होतं. पहिल्या पानावर इंग्रजीत लिहिलेलं होतं, ‘सोनाटा. माझी विद्यार्थिनी बीबी झुवैना यांना, कृतज्ञतेने.’

“ही माझी आजी,” हिबा म्हणाली आणि तिने सगळी हकिकत सांगितली.

घराणं ओमानमधल्याच इब्रा गावच्या शेखांचं, पण बीबी जन्मल्या आणि वाढल्या झांजीबारला. लवंगांचे मळे, समुद्राकडे तोंड केलेलं घर, घरात पियानो. शिकवायला मास्टर इनासियो नावाचे गोव्याचे गृहस्थ यायचे. एरवी ते क्लबात साहेबलोकांच्या नाचासाठी वाजवत. स्वतः रचलेलं काही वाजवायला घेतलं की तिथे कोणी कान देत नसे. ही मुलगी मात्र शिकवणी संपली तरी जागची हलायची नाही. “मास्टर, आता तुमचं वाजवा,” म्हणून हट्ट धरायची. तिचं लग्न ठरलं आणि शिकवणी थांबली. तेव्हा मास्टरांनी हा सोनाटा, म्हणजे एकट्या पियानोसाठीची तीन भागांची मोठी रचना, लिहून तिच्या घरी पाठवून दिला. लग्नाच्या गडबडीत वाजवून बघायचं राहून गेलं. आणि लगेच चौसष्ट सालची क्रांती झाली, तिथल्या अरबांच्या जिवावर बेतली. घर, मळे, पियानो सगळं टाकून माणसं मिळेल त्या गलबतात चढली. बीबींनी कपड्यांच्या बोचक्यात हे कागद घेतले. मास्टरांचं पुढे काय झालं, ते त्यांना कधीच कळलं नाही. काही वर्षांनी कुटुंब ओमानला परतलं, पण इब्राच्या घरात पियानो कुठला?

“आजीने हे अजून ऐकलेलंच नाही,” हिबा म्हणाली. “ती आता ऐंशीला आली. तुम्ही वाजवाल?”

रेवाताई घाबरल्या. “अगं, मी मुलांना सा-रे-ग-म शिकवणारी बाई. मस्कतला एवढे मोठे वादक येतात, त्यांना विचार.”

“आजीला विचारलं होतं. ती म्हणते, लिहिणारा शिकवणारा होता, वाजवणाराही शिकवणाराच हवा.”

रेवाताईंनी कागद ठेवून घेतले. पुढचे तीन-चार महिने त्यांच्या घरी एकच विषय होता. शेजाऱ्यांना त्रास नको म्हणून त्या इलेक्ट्रिक पियानोला हेडफोन लावून वाजवायच्या. मी चहाला गेले की मला नुसती पट्ट्यांची टकटक ऐकू यायची. डाव्या हाताची करंगळी पूर्वी एकदा दारात चेंगरली होती, ती तिसऱ्या भागात दुखायची. गरम पाण्यात हात बुडवून पुन्हा बसायच्या. पण चेहरा बघावा तर उजळलेला. “किती वर्षांनी मला काहीतरी येत नाहीये,” त्या मला म्हणाल्या.

खरी अडचण दुसऱ्या भागात होती. तिथे गलबतावरचं खारं पाणी लागून शाई पार उतरली होती. चार ओळींचा नुसता निळा डाग. रेवाताईंनी बीबींना फोन लावला. बीबींचं इंग्रजी जुन्या वळणाचं, स्वच्छ.

“बीबी, इथलं काही दिसत नाही. मी तेवढं सोडून पुढचं वाजवेन.”

“मास्टर मध्येच थांबले नसते,” बीबी म्हणाल्या. “तू भर.”

“मी जन्मात काही रचलेलं नाही.”

“कधीच नाही?”

रेवाताईंना नगरचं चर्च आठवलं. दान गोळा होईपर्यंत गीत संपून जायचं, पाळक मानेनेच ‘चालू दे’ म्हणायचे आणि मग त्या पायपेटीवर मनाने काहीबाही जोडत जायच्या. त्यांनी बीबींना ते सांगितलं. “तेच तर मला हवंय,” बीबी म्हणाल्या.

हिबाने एक जुना पियानो विकत घेतला. तो इब्राला न्यायचं काम दयानंदभाऊंनी अंगावर घेतलं. त्यांच्या वर्कशॉपमधले शरीफभाई, रत्नागिरीकडचे, स्वतःचा पिकअप घेऊन आले. पियानोला गाद्या गुंडाळल्या, दोर आवळले. “आजवर इंजिनं नेली, जनरेटर नेले,” शरीफभाई म्हणाले, “पण भाडं नको म्हणायची पाळी आजच आली. म्हातारीचं मन राहू दे, इन्शाल्ला.” ते सबंध रस्ता इतके सावकाश गेले की मागच्या गाड्या हॉर्न वाजवून थकल्या. पानं उलटायला माणूस हवं म्हणून मीही बरोबर होते. मला त्यातलं ओ की ठो कळत नाही. रेवाताई मान हलवतील तेव्हा पान उलटायचं, एवढंच ठरलं होतं.

बीबी मजलिसच्या, म्हणजे बैठकीच्या खोलीच्या, दारातच उभ्या होत्या. बारीक चणीच्या, ताठ. त्यांनी आधी शरीफभाईंना बसवून स्वतः काहवा, म्हणजे अरबी कॉफी, ओतून दिला, मग पियानोपाशी आल्या. प्रवासात चार-पाच पट्ट्या बेसूर झाल्या होत्या. रेवाताईंचं तोंड उतरलं. बीबींनी एक बेसूर पट्टी दाबून पाहिली. “आमचाही असाच होता,” त्या म्हणाल्या. “समुद्राची हवा.”

रेवाताई बसल्या.  बीबींनी डोळे मिटले नाहीत. त्या रेवाताईंच्या हातांकडे बघत होत्या. दुसऱ्या भागात तो निळा डाग आला. रेवाताईंचं कागदावर लक्षच नव्हतं. त्या कुठल्यातरी साध्या चालीवरून हळूहळू पलीकडे गेल्या आणि पुन्हा मास्टरांच्या ओळीला येऊन मिळाल्या. तिसऱ्या भागात करंगळी एकदा चुकली. त्या तशाच पुढे गेल्या.

संपलं तेव्हा कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत. बीबींनी रेवाताईंचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले.

“मास्टर मला फार मोठी समजत होते,” त्या म्हणाल्या. “मी नुसती बसून ऐकत होते.”

“बीबी, तेवढंच पुष्कळ असतं,” रेवाताई म्हणाल्या आणि त्यांचे डोळे भरून आले.

“मधलं तुझं कुठलं आणि त्यांचं कुठलं, ते मला सांगू नकोस.”

दयानंदभाऊ दारापाशी उभे होते.  परतताना गाडीत ते म्हणाले, “रेवा, एवढ्या वर्षांत मी तुझं पूर्ण कधी ऐकलंच नव्हतं.”

“अहो, मी ऐकवलंच कुठे?” रेवाताई म्हणाल्या.

पियानो इब्रालाच राहिला. मस्कतहून एक माणूस जाऊन तो सुरात लावून आला. पुढच्याच आठवड्यात बीबींचा फोन आला. त्यांना पहिलं पान शिकायचं होतं. उजव्या हाताची बोटं आता वळत नाहीत, तर फक्त डावा हात चालेल का, असं त्यांनी विचारलं.

इथे सुट्टी शुक्रवारची, म्हणून चर्चही त्याच दिवशी; आता महिन्यातल्या एका शुक्रवारी ते आटोपलं की रेवाताई आणि दयानंदभाऊ इब्राला जातात. बीबी डावीकडे बसतात, रेवाताई उजवीकडे. बीबी सारख्या चुकतात आणि चुकल्या की हसतात. परवा रेवाताई मला सांगत होत्या, “दोन ओळी बसल्यात. तिसरीला घाई करत नाही. मला तिथे जायला मिळतं ना.”