साक्षीला उसनी आजी

आमच्या कामतघरच्या चाळीतल्या शेजारणीच्या मुलीइतकी घाई, आणि तीही इतकी बिनकामाची, अख्ख्या भिवंडीत दुसऱ्या कुणाला नसेल. बादली किती वेळात भरते ते ती मोबाईलवर मोजते, जिना उतरताना तीन-तीन पायऱ्या गाळते, आख्खी पोळी दोन घासांत बसवते. अभ्यास तेवढा निवांत. नववीत आहे. शाळेच्या कॉम्प्युटरवर सगळे गेम बंद केलेत, पण एक साइट सरांच्या नजरेतून सुटली. तिथे एक ठोकळा काट्यांवरून उड्या मारत झेंड्यापर्यंत न्यायचा. नेतात सगळेच, सर्वांत कमी वेळात नेईल त्याचं नाव टेबलाच्या खालच्या अंगाला पेन्सिलीने चढतं. शेवटचा आकडा एकसष्ट सेकंद. तो मोडायचा तर शुक्रवारीच, कारण त्या दिवशी भिवंडीतले कापड विणायचे लूम बंद आणि लाईट झटके देत नाही. वर साक्षीदार हवा, तोही वर्गाबाहेरचा. वर्गातले सगळे खोटारडे.

म्हणून शुक्रवारी आलेल्या आजी-आजोबा दिनाला तिने मला उसनी नेलं. तिची खरी आजी गावाला. लॅबच्या दारात कानाशी लागली, "आजी, सोमवारी सर नवीन लॉक टाकणारेत. आज लास्ट चान्स. ते आले तर एक मिनिट धरून ठेव. भाजीवाल्याला तर अर्धा तास धरतेस!"

सर आलेच. मला काही सुचेना, तेव्हा पन्नास वर्षं दडवलेली गोष्ट बाहेर काढली. लूमच्या कारखान्यात मी कांड्यांवर सूत भरायचे आणि स्वतःला मोठी तुफान मेल समजायचे. सगळ्या बायकांच्या आधी पेटी भरायच्या नादात एकदा वेणीच मशीनमध्ये गेली. मुकादमाने कात्रीने कापली, आणि ही शहाणी घरी जाऊन म्हणते, "फॅशन केली!"

सर पोट धरून हसले. मागून किंचाळी आली, "अठ्ठावन्न!"

"काय अठ्ठावन्न?"

"माझं वय," मी म्हटलं. सरांनी माझ्या पांढऱ्या केसांकडे पाहिलं आणि बिचाऱ्यांनी मान डोलावली.

टेबलाखाली तिचं नाव चढलं, शेजारी 'साक्षीदार: आजी'. वाटलं, पोरगी नाचत घरी येईल. तर तोंड पाडून चालली होती.

"काय झालं गं?"

"सोमवारी साइटच बंद. आता माझं रेकॉर्ड कोण मोडणार?"

"मग बरंच की!"

"काय बरं? मोडायला कुणी नसलं तर मजा काय, आजी?"

कांड्यांचं माझंही रेकॉर्ड अजून शाबूत आहे. त्या कारखान्याच्या जागी आता गोदाम उभं आहे. चाळीचा जिना मात्र त्या दिवशी आम्ही दोघी एकेक पायरी चढलो.