नाडी, नळी आणि फटफटीचं लायसन

माझे वडील वैद्य होते आणि मी डॉक्टर झालो. यात दोघांचीही चूक नव्हती. पण महाडात एकाच ओट्यावर आम्ही दोघं रोगी बघायला बसलो, तेव्हा कुणाचं तरी चुकतंय हे पहिल्या आठवड्यातच कळलं. ओट्याच्या एका अंगाला त्यांची चटई, दुसऱ्या अंगाला माझं टेबल, खुर्ची आणि मुंबईहून आणलेलं काचेचं कपाट. चटईवर रोगी मावत नसत. माझ्या टेबलाखाली त्यांच्या वहाणा असत.

वडिलांना आम्ही अप्पा म्हणायचो. अप्पांची सगळी विद्या नाडीत. रोग्यानं तोंड उघडायचंच नाही. अप्पा न बोलता उजवा हात पुढे करत, रोगी आपलं मनगट त्यात देई, अप्पा डोळे मिटत आणि मग त्याला काय होतंय ते त्यालाच सांगत. हे बाजारात चाले, देवळाच्या पायरीवर चाले, लग्नाच्या पंगतीतसुद्धा चाले. तीसेक वर्षांत अख्ख्या तालुक्याला वळण पडलं होतं : वैद्यांच्या घरचा हात पुढे आला की आपला हात द्यायचा. लहानपणी मी वाण्याकडे गूळ मागायला हात पुढे केला, तर त्या गृहस्थानं हसत हसत माझ्या हातात आपलं मनगट दिलं होतं. गुळासाठी मला रडावं लागलं.

डॉक्टर होऊन आल्यावर मी नाडीला नाक मुरडू लागलो. माझ्याकडे स्टेथास्कोप होता. लोक त्याला नळी म्हणत. अप्पांची नाडी आणि माझी नळी, असा गावात विनोद झाला होता आणि तो मला सोडून सगळ्यांना आवडायचा. एखादा रोगी चुकून माझ्या खुर्चीत आलाच, तर नळी छातीला लावू देई आणि वर म्हणे, "झालं का? आता अप्पांना हात दाखवून येतो."

तेव्हा मी ठरवलं की पोलादपूरला दवाखाना काढायचा. अप्पा बैलगाडीनं जात, त्यामुळे पोलादपूरच्या पलीकडे, कापड्याकडे, त्यांचा हात क्वचित पोचे. रस्ता दहाबारा मैलांचा. त्याच सुमारास पुलाच्या कामावरचा एक गोरा साहेब बदलून चालला होता. त्याची जुनी फटफटी मी घेतली. ती घेतली हे घरी कळवायची गरजच पडली नाही. साहेबानं ती दाराशी आणून बंद केली, तेव्हा चटईवरचे तीन रोगी औषध न घेता उठून गेले होते.

अप्पा म्हणाले, "लायसन लागतं ना याला?"

"लागतं. जिल्ह्याहून साहेब येतात दौऱ्यावर. ते परीक्षा घेतात."

"मग असं करू. पहिल्या फटक्यात पास झालास, तर खुशाल जा पोलादपूरला. नापास झालास, तर हे टेबल उचलायचं आणि चटईवर माझ्या शेजारी बसायचं. खल मी देईन."

खल म्हणजे औषध कुटायचा दगडी खल. तो घेऊन अप्पांच्या शेजारी जन्मभर सुंठ कुटत बसलेला मी मला स्पष्ट दिसला. मी मुंबईत पाच वर्षं मुडदे फाडले होते ते याच्यासाठी नव्हे. मी हो म्हणालो.

शिकवायला मिळाले ते उतारू नेणाऱ्या सर्व्हिस मोटारीवरचे ड्रायव्हरचाचा. महाडच्याच मोहल्ल्यातले, जिभेचे मोठे तिखट. भातं कापून झाली होती, शेतं कोरडी होती, तिथे त्यांनी मला आठ दिवस गोल फिरवलं. माझी फटफटी जुन्या तऱ्हेची. वेगाचा खटका उजव्या मुठीपाशी होता, आणि तो एकदा सरकवला की हात काढला तरी गाडी त्याच वेगानं जात राही. थांबायचं तर त्याच हातानं खटका मागे ओढायचा. पहिल्या दिवशी मी घाबरून दोन्ही हात सोडले आणि गाडी मला घेऊन बांधापर्यंत गेली. बांधाच्या पलीकडे ती एकटी गेली.

"डॉक्टर," चाचा म्हणाले, "ही काय रोगी हाय, मरू दिली तरी चालंल? हिचा खटका सोडायचा नाय."

चालवणं जमलं, पण घोडं अडलं ते हातांपाशी. कायद्याप्रमाणे उजवीकडे वळताना उजवा हात सरळ बाहेर काढायचा. डावीकडे वळतानाही हात उजवाच, फक्त तो जात्यावर बसल्यासारखा गोल फिरवायचा.

मी विचारलं, "हे दाखवायचं कुणाला?"

"मागच्या गाडीला."

"चाचा, या रस्त्याला दिवसाकाठी दोन मोटारी. त्यातली एक तुमची. आणि तुम्ही इथे उभे."

"मागं गाडी नसंल. पण साहेब असंल," चाचा म्हणाले.

घरी बायको उजळणी घेई. ती भाकऱ्या थापता थापता मध्येच ओरडायची, "उजवीकडे!" मी हात बाहेर काढायचा. पहिल्या दिवशी तिनं त्या हातात पाण्याचा तांब्या दिला. दुसऱ्या दिवशी पोरगी दिली. तिसऱ्या दिवशी मी स्वयंपाकघरात उजळणी बंद केली.

खरा घोटाळा रस्त्यावर सुरू झाला. सकाळी वर्दळ नसताना मी पोलादपूरच्या रस्त्यावर सराव करू लागलो. वळण आलं, हात काढला, की समोरून येणारा माणूस थांबे, डोकीवरचं ओझं उतरवी आणि मनगट पुढे करी. माझा हात नियमानं बांधून ठेवल्यासारखा ताठ, आणि रस्त्याकडेला माणसं बाह्या सारून उभी! एका म्हाताऱ्यानं तर मी तसाच पुढे गेलो म्हणून मागून शिव्या घातल्या. "अप्पा हात बघल्याबिगर जात नाय कदी. ह्यो बग, हात दाखवतोय नि पळतोय!" अप्पांच्या कानावर हे गेलंच. त्या दिवशी जेवताना ते दोनदा विनाकारण हसले. मला त्यांचा भयंकर राग आला.

परीक्षा ठरली ती पोलादपूरच्या बंगल्यावर, कारण साहेबांचा मुक्काम तिथे होता. आता पंचाईत अशी की लायसन नसताना फटफटी चालवत परीक्षेला गेलो, तर साहेब दारातच धरणार. म्हणून फटफटी बैलगाडीत घालून न्यावी लागली. बैलगाडी अप्पांची, त्यामुळे अप्पाही बसले. पोलादपुरात आपला एक रोगी आहे म्हणाले. मला खात्री होती, तो रोगी म्हणजे मीच.

गाडीवानाच्या मागे आम्ही तिघं दहाबारा मैल गवतावर बसून गेलो : अप्पा, मी आणि फटफटी. वाटेत भेटेल तो विचारी, "काय झालं गाडीला?" अप्पा गंभीरपणे सांगत, "ताप आलाय."

साहेब मराठीच होते, टोपी मात्र गोऱ्याची. बंगल्याबाहेर आंब्याखाली खुर्ची टाकून बसले. अप्पा बाजूच्या दगडावर बसले. साहेबांनी सांगितलं : समोर दिसणाऱ्या कापड्याच्या फाट्यापर्यंत जायचं, तिथे उजवीकडे वळायचं, गाडी फिरवून परत यायचं. पाय जमिनीला टेकला तर नापास. "आणि हात दाखवायला विसरू नका," ते म्हणाले.

सुरुवात तर झकास झाली. एका लाथेत गाडी सुरू झाली, हे तिनं त्याआधी कधी केलं नव्हतं आणि पुढेही क्वचितच केलं. भोंगा वाजवला. फाटा आला. हात काढला.

कापड्याकडून एक म्हातारी लाकडाची मोळी घेऊन येत होती. तिनं माझ्याकडे पाहिलं, माझ्या हाताकडे पाहिलं, मोळी धाडकन रस्त्याच्या मधोमध टाकली आणि हात पुढे करून समोर उभी राहिली. मी भोंगा वाजवला. ती हलली नाही. तिला वाटलं असेल, डॉक्टरची ही नवी तऱ्हा.

मी खटका ओढला, त्याच मुठीतला ब्रेक दाबला आणि तिच्यापासून वीतभर अंतरावर थांबलो. पाय टेकला. दोन्ही टेकले.

"आजी, बाजूला व्हा! परीक्षा चाललीय माझी!"

"मंग घे की परीक्षा," ती म्हणाली आणि मनगट माझ्या पुढ्यात धरलं. "येवढी चढण आलू तर जीव घाबरतोय. बघ."

आता नापास झालोच होतो. रागारागानं मी तिचा हात धरला, नुसता सुटका व्हावी म्हणून. आणि बोटांखाली मला ते लागलं. दोन ठोके नीट, मग जागा मोकळी. एक ठोका, पुन्हा मोकळी जागा. मग चारपाच एकदम, घाईघाईनं. अप्पा याला थबकती नाडी म्हणत आणि मी त्यावर कॉलेजातल्या मित्रांना हसवलं होतं. मी खिशातून नळी काढली, तिच्या छातीला लावली. नळीनं तेच सांगितलं, फक्त उशिरा.

मी तिला गाडीच्या आडोशाला बसवलं आणि ओरडलो, "अप्पा!"

अप्पा आले, मागोमाग साहेब. अप्पांनी हात धरला, डोळे मिटले, उघडले, माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली. दोघांत एवढंच बोलणं झालं. म्हातारीला ते म्हणाले, "आजपास्नं मोळी उचलायची नाही. समजलं?" ती म्हणाली, "मग चूल काय तुमी पेटवाल?" अप्पांनी पुडीतलं औषध तिच्या पदराला बांधलं.

साहेब मोळीकडे बघत होते. "पाय टेकला, डॉक्टर," ते म्हणाले.

खलाचा आवाज कानात वाजायला लागला होता.

तेव्हा अप्पा उठले. त्यांनी नुसतं गप्प बसायचं होतं. गप्प बसले असते तर मुलगा शेजारी मिळत होता, ओटा एक होत होता, काचेचं कपाट विकता येत होतं. ते म्हणाले, "साहेब, मुलानं हात बरोबर दाखवला. चुकली ती बाई. आणि ती चुकली कारण लोकांना ही खोड मी लावलीय. त्याची शिक्षा याला कशाला? आणखी एकदा जाऊ द्या. रस्त्यात कुणी येणार नाही, मी बघतो."

अप्पांना कुणाची मनधरणी करताना मी त्याआधी पाहिलं नव्हतं. मला लाज वाटली, आणि खरं सांगतो, रडूही आलं. तेवढ्यात रस्त्यावरच्या धुळीनं साहेबांना ठसका लागला म्हणून माझं निभावलं.

साहेब म्हणाले, "जा."

मी पुन्हा गेलो. फाट्यावर अप्पा उभे होते, दोन्ही हात पाठीमागे घट्ट बांधून, न जाणो आपलाही एखादा हात पुढे यायचा. चारसहा माणसं जमली होती, ती त्यांनी नुसत्या नजरेनं दाबून धरली होती. मी हात दाखवला, वळलो, फिरलो, परत आलो. पाय टेकला नाही.

साहेबांनी कागदावर सही केली, कागद माझ्या हातात दिला, इकडेतिकडे पाहिलं आणि टोपी सारखी करत हळूच आपला हात पुढे केला. "जेवणानंतर इथे जळजळतं," ते म्हणाले. मी त्यांची नाडी पाहिली. जळजळीचं नाडीत काही लागलं नाही, पण मी डोळे मिटले होते.

बैलगाडी अप्पांनी म्हातारीला दिली. मोळीसकट तिला कापड्याला सोडून ये, असं गाडीवानाला सांगितलं. मग त्यांच्या लक्षात आलं की आपल्याला महाडला जायचंय. त्यांनी फटफटीकडे पाहिलं. मागच्या लोखंडी बैठकीवर मी गोणपाट टाकलं. अप्पांनी धोतर वर खोचलं, पगडी काखेत घेतली आणि बसले. सबंध रस्ताभर ते बोलले नाहीत. मला वाटलं, हरल्यामुळे रागावलेत.

महाडात शिरताना आमच्या आळीचं वळण आलं. मागे कुणी नव्हतं, साहेब तर मुळीच नव्हते. पण लायसन खिशात होतं, म्हणून मी ऐटीत उजवा हात बाहेर काढला. मागून अप्पांनी तो धरला. मनगटावर तीन बोटं बसली. वळलो कसाबसा. घर आलं, घर गेलं, ओट्यावर उभी असलेली बायको मागे पडली, आणि वेगाचा खटका त्याच हाताचा!

"जलद आहे," अप्पा म्हणाले.

"अप्पा, हात सोडा! गाडी हळू करायचीय!"

"गाडीचं कोण बोलतंय?" अप्पा म्हणाले. "तुझी जलद आहे. पोलादपूरला दिवसभर एकटा असशील, जेवण वेळेवर घेत जा."

मग त्यांनी हात सोडला.