मांडीतली पुढची खोली

उनाइसीच्या हाताला गुण आहे, हे नदीकाठच्या त्या साऱ्या गावाला ठाऊक होतं. रग्बी खेळताना पाय दुखावला की पोरं तिच्याकडून चोळून घ्यायला, मान म्हणून द्यायची यांगोनाच्या मुळ्यांची जुडी घेऊन तिच्याच दारी यायची. मग समोरच्या घरातली लुसियाना सुवा शहरातून फिजिओथेरपी शिकून आली आणि जुड्या तिच्या पडवीत दिसू लागल्या. उनाइसी तिकडे पाठ करून बसायची, पण मान वळायचीच.

"तेल कोमट कसं करायचं, हेसुद्धा मीच शिकवलंय हिला," ती नवऱ्याला म्हणे.

"मग तुझंच तेल वापरते का, बघून ये," तो हसे.

त्या शनिवारी सामन्यात तिच्या पोराच्या, इलाइतियाच्या, मांडीवर समोरच्या संघातल्या गड्याचा गुडघा बसला. लुसियानाने मैदानातच बर्फ लावला, गुडघा दुमडून पट्टी बांधली.

"नेई," गावातल्या पोरी मावशीला म्हणतात तसं ती म्हणाली, "मांडीत स्नायूंच्या तीन खोल्या असतात. पुढची, मागची, आतली. गुडघा सरळ करणारे स्नायू पुढच्या खोलीत, तिथंच रक्त साचलंय. तिच्या भिंती चिवट, फारशा ताणत नाहीत. चोळलं तर रक्त वाढेल आणि आतल्या आत सगळं आवळेल. तेल नको, शेक नको."

"माझ्या पोराची मांडी मला शिकवतेस?"

"चोळू नका, एवढंच सांगतेय."

घरी येताच उनाइसीने पट्टी सोडली आणि तेल लावून मांडी चोळायला घेतली.

"आई, लुसियाना नको म्हणाली ना?"

त्या नावासरशी तिचा अंगठा आणखी खोल रुतला.

संध्याकाळपर्यंत मांडी नारळासारखी टणक झाली. गुडघा जरा वाकवला तरी तो कळवळे. पोटरीची आतली बाजू बधिर पडली होती.

उनाइसीने घरातली जुडी उचलली आणि सगळ्यांच्या देखत अंगण ओलांडलं. लुसियानापुढे मांडी घालून बसली, माफी मागताना ठेवतात तशी जुडी पुढे सरकवली.

"मी चोळलं," ती म्हणाली.

लुसियानाने घाईघाईत जुडीला हात लावला. "घेतली, नेई. आता गाडी बोलवा, लगेच."

इस्पितळात डॉक्टरांनी मांडीला लांब चीर देऊन पुढच्या खोलीची भिंत उघडली. पाय वाचला.

सकाळी इलाइतियाने डोळे उघडले. आईच्या खांद्यावरून दाराकडे पाहत म्हणाला, "लुसियाना नाही आली?"

"बाहेर आहे. रात्रभर होती."

उनाइसीने तिला आत बोलावलं. खाटेजवळची एकुलती खुर्ची तिला दिली. पोराच्या पावलावरचा आपला हात मात्र काढला नाही.