हमखास नोकरीचा रोबोटिक्स क्लास

आम्ही शिकवणाऱ्या मैत्रिणी चहाला जमलो की आपापल्या क्लासचे किस्से निघतात. नव्वदच्या दशकात गल्लीगल्लीत कॉम्प्युटर क्लास निघालेले, त्यामुळं किस्से प्रत्येकीकडं आहेत. माझ्या एका वर्षाचे मात्र अजून संपायला तयार नाहीत!

सांगलीत हळदीच्या अडतीच्या वरच्या मजल्यावर आमची इन्स्टिट्यूट. रुजू झाले त्या दिवशी पहिल्यांदा खटकल्या त्या चपला. दाराबाहेर चाळीसेक जोड, आणि आत कॉम्प्युटर तीन! धूळ चालत नाही म्हणून चपला बाहेर. हळद मात्र खिडकीतनं थेट कीबोर्डवर यायची.

"सर, एवढी मुलं बसतात कुठं?"

"पुठ्ठ्यावर," डायरेक्टर सर म्हणाले. "बोटं तयार झाली की कॉम्प्युटर आपोआप येतो!"

•

पुठ्ठा म्हणजे छापील कीबोर्ड. मुलं तो मांडीवर घेऊन तासभर टाइप करायची. आवाज नाही, स्क्रीन नाही. एकदा मागून एकजण एकदम ओरडला, "मॅडम, माझं एंटर फाटलं!"

मी दचकले आणि बोलून गेले, "आधी सेव्ह कर!"

"केलंय मॅडम," तो शांतपणे म्हणाला.

•

पाटीवर 'रोबोटिक्स' लिहिलेलं, म्हणून सरांनी कुठूनतरी एक जुना यांत्रिक हात आणला. त्याचा प्रोग्राम लिहिला संगीतानं. जतकडची मुलगी, वर्गात सगळ्यात हुशार. उद्घाटनाला साखर कारखान्याचे एक संचालक आले. हातानं त्यांना गुच्छ द्यायचा होता.

हातानं गुच्छ उचलला, पुढं केला, आणि सोडेचना! पाहुणे ओढतायत, हात धरून बसलाय. मी घाबरून प्लगच काढला. पकड तशीच राहिली!

घाम पुसत पाहुणे म्हणाले, "धरलंय ते सोडतच न्हाई गडी! आमच्या संचालक मंडळात घ्या की ह्याला!"

•

त्या गर्दीत संगीताचे वडील होते. मेंढरं भावाकडं सोपवून आलेले, खांद्यावर घोंगडं. कार्यक्रम संपल्यावर त्यांनी मला गाठलं.

"मॅडम, ह्यो हात करतो तरी काय?"

"दादा, माणसाचं काम करतो. न थकता."

"मग नोकरी त्येलाच लागंल की! माझ्या पोरीचं काय?"

ते ऐकून सरच धावत आले. "पुण्याच्या मोठ्या कंपनीशी आपला टायअप आहे. दिवाळीच्या आत मुलाखतीला बोलावणं येणार!"

"दिवाळीपातूर थांबतो," ते म्हणाले. "न्हाईतर तिकडं विट्याला एक स्थळ हाय, त्येस्नी होय म्हणून टाकतो."

संगीता शेजारीच उभी होती. तिनं माझ्याकडं पाहिलं.

•

तेव्हापासून त्या कंपनीला फोन लावायचं काम माझ्याकडं. माझं इंग्रजी बरं म्हणून! इन्स्टिट्यूटच्या फोनला कुलूप, म्हणून मी स्टँडसमोरच्या एसटीडी बूथवर. सरांनी दिलेल्या नंबरवर नुसती रिंग वाजायची. कुणी उचलायचंच नाही.

"सर, कंपनी आहे ना नक्की?"

"अहो, मोठी कंपनी आहे. लगेच फोन उचलायला ती काय किराणा दुकान आहे?"

मला ते पटलंसुद्धा!

•

दिवाळी दारात आली. सर म्हणाले, "मी स्वतःच पुण्याला जातो, कंपनीशी समोरासमोर बोलतो." आणि गेले.

त्याच्या दुसऱ्या दिवशी संगीता आली. "मॅडम, परवा विट्याची माणसं येत्यात. आज एकदा लावून बघा की!"

दोघी बूथवर गेलो. आत एकीचीच जागा, म्हणून ती बाहेर काचेला नाक लावून उभी राहिली. मी नंबर फिरवला. रिंग वाजत राहिली. ठेवणार, एवढ्यात खट्ट झालं आणि माझ्या हातून रिसीव्हरच निसटला! कसाबसा कानाला लावला. काचेपलीकडून संगीता खुणेनं विचारत होती, उचलला? उचलला?

मी मान डोलावली. पाठ केलेलं इंग्रजी एका दमात म्हटलं. मी सांगलीच्या इन्स्टिट्यूटमधून बोलतेय, मॅनेजरना देता का?

पलीकडं एक वयस्कर बाई होत्या. "थांबा हं," म्हणाल्या, आणि रिसीव्हर तसाच हातात धरून आत हाक मारली,

"जावईबापू! तुमच्या सांगलीच्या क्लासमधून फोन आलाय. कंपनी आहे म्हणून सांगू, की नको?"