आतोबा बसत नाहीत

“हा माणूस एप्रिलपासून बसलेला नाही,” स्टेडियममध्ये आमच्या पुढच्या रांगेतली बाई नवऱ्याच्या कानात म्हणाली. तिला वाटलं, मला ऐकू गेलं नसेल. जी मुलगी बोलत नाही तिला ऐकूही येत नाही असा लोकांचा समज असतो, आणि त्यामुळे मला आजवर पुष्कळ ऐकायला मिळालं आहे. पण बाईंची माहिती अपुरी होती. माझे आतोबा, म्हणजे माझ्या वडिलांच्या बहिणीचे यजमान, मी त्यांना ओळखते तेव्हापासून बसलेले नाहीत, आणि आत्याचं खरं मानलं तर माझ्या जन्माच्याही आधीपासून बसलेले नाहीत. ओहायोतल्या आमच्या या नदीकाठच्या शहरात बेसबॉलवेडे लोक घरोघरी सापडतील. पण अख्खी टीम खांद्यावर घेऊन उभा राहिलेला माणूस एकच, आणि तो सांगलीचा आहे.

जेवताना आणि गाडी चालवताना ते बसतात, नाही असं नाही. पण मॅच चालू असताना नाही. आता बेसबॉल काही आपल्या क्रिकेटसारखा अधूनमधून येणारा पाहुणा नव्हे. वसंत ऋतूत सीझन सुरू झाला की पानगळीपर्यंत जवळजवळ रोज मॅच असते, म्हणजे आतोबा अर्धं वर्ष उभेच. स्टेडियममध्ये आमची दोन तिकिटं नेहमी शेवटच्या रांगेतली, जिन्यालगतची. एका खुर्चीवर मी बसते. दुसऱ्या खुर्चीवर आत्याने भाजून दिलेल्या भुईमुगाच्या शेंगांची पिशवी बसते. आतोबा मागच्या कठड्यापाशी येरझाऱ्या घालतात, मधेच येऊन मूठभर शेंगा उचलतात, दोन पावलं जातात, परत येतात. घरी टीव्हीसमोरही तेच. सोफा आणि स्वयंपाकघर यांच्यामधल्या गालिच्यावर त्यांची पायवाट उमटली आहे. आत्या व्हॅक्यूम करताना तेवढ्या पट्ट्याला “तुझ्या आतोबांचा हायवे” म्हणते.

या सगळ्याला कारण आत्या आहे, असं आतोबांचं ठाम मत आहे. फार वर्षांपूर्वी टीम एकदाच अजिंक्यपदाच्या अगदी शेवटच्या मॅचपर्यंत पोचली होती. (टीमचं नाव मी इथे लिहीत नाही. सीझन चालू असताना ते कागदावर उतरवू नये असं आतोबा म्हणतात, आणि हे लिहिताना सीझन चालू आहे. आमच्या घरात टीमला नुसतं “आपले” म्हणतात.) तर आपले जिंकत आले होते, आतोबा उत्साहाच्या भरात सगळ्या मॅच उभ्याने बघत आले होते, आणि त्या शेवटच्या दिवशी नव्या नवरीने लाजत म्हटलं, “अहो, बसा ना जरा, मागच्यांना दिसत नाही.” आतोबा बसले. आपले हरले. तेव्हापासून शहरात त्या पराभवाची कारणं कोणी चेंडू टाकणाऱ्या पिचरमध्ये शोधतं, कोणी मॅनेजरमध्ये. आमच्या घरात चौकशीची गरज पडत नाही. “एवढी मोठी ताकद माझ्यात होती तर मी आधी तुमची आई नसती का बदलली?” असं आत्या विचारते, आणि आतोबा चालू लागतात.

मधे एकदा घरी सत्यनारायण होता. यजमानाने पाटावर बसलंच पाहिजे, त्यामुळे आतोबा बसले. मात्र डोळे मिटून हात जोडलेले असताना खिशातला फोन थरथरला. आपले हरले होते, आणि तेही घरच्या मैदानावर. प्रसाद वाटताना त्यांचा चेहरा असा होता की एका काकूंनी हळूच मला विचारलं, “इंडियातून काही वाईट बातमी आली का गं?” त्यानंतर आमच्या घरची पूजा टीमच्या सुट्टीच्याच दिवशी होते. आमचे गुरुजी आठवडाभर सॉफ्टवेअरमध्ये असतात आणि शनिवार-रविवार सोवळ्यात. ते आता फोनवर आधी विचारतात, “काका, तुमचं वेळापत्रक पाठवा, मग पंचांग बघतो.”

आतोबांच्या तोंडून टीमचा इतिहास ऐकणं म्हणजे एखाद्याच्या घरातल्या वाटण्या ऐकणं. त्यात “ते” नसतंच, सगळं “आपण” असतं. “तेव्हा आपल्याकडे पिचरच नव्हता.” “तेव्हा आपल्या मालकाची मती फिरली होती.” हे “तेव्हा” म्हणजे कधी, तर घोडागाड्यांचा काळ. “तेव्हा तुमचे आजोबा सांगलीला हळदीची पोती उचलत होते,” आत्या आठवण करून देते. “त्याचा काय संबंध? आपण हरलो की नाही?” असं म्हणून आतोबा पुढे जातात. टीमचं जुनं लाकडी स्टेडियम केव्हाच पाडलं. तिथे आता एक पार्किंग लॉट आहे, आणि भारतातून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला तो बघावा लागतो. मी नागपूरहून प्रथम आले तेव्हा विमानतळावरून घरी न जाता आम्ही तिथेच गेलो. दोन गाड्यांच्या मधे एका मोकळ्या जागी मला उभं करून ते म्हणाले, “इथे. बरोबर इथे बॅटर उभा राहायचा. पायाखाली बघ.” मी बघितलं. तिथे ऑइलचा डाग होता. प्रवासाने माझे पाय सुजले होते आणि एक बाई त्याच मोकळ्या जागेत गाडी लावण्यासाठी हॉर्न वाजवत होती. आतोबांनी तिला हात दाखवून थांबवलं, आपण इथे कसे पहिल्यांदा जिंकलो ते पूर्ण सांगितलं आणि मग तिच्याकडे जाऊन तिलाही सांगितलं. ती गाडीतून उतरली आणि तिने पायाखाली बघितलं. मला वाटतं, त्या क्षणी माझ्या लक्षात आलं की या माणसापासून सुटका नाही.

त्यांना सर्वांत जास्त भीती बोलण्याची. “आज जिंकू” असं कोणी म्हटलं की ते कानांवर हात ठेवतात. मागच्या वर्षी आपल्या सगळ्यांत चांगल्या पिचरचा खांदा दुखावला, तेव्हा टीव्हीवरच्या एका बडबड्याने आदल्याच दिवशी त्याचं भरभरून कौतुक केलं होतं. आतोबांना दुसऱ्या कारणाची गरज वाटली नाही. आत्या भाजी आणायला गेली आहे असं बघून त्यांनी मीठ, मोहरी आणि सुक्या मिरच्या घेतल्या, टीव्हीवर त्या पिचरचा चेहरा येईपर्यंत वाट पाहिली, तीनदा ओवाळल्या आणि शेगडीवरच्या तापल्या तव्यावर टाकल्या. मिरच्यांचा खाट सगळीकडे पसरला, स्मोक अलार्म बोंबलू लागला, शेजारणीने फोन केला आणि लाल बंब दारात उभा राहिला. खोकत खोकत आतोबांनी अग्निशामक दलाच्या त्या धिप्पाड माणसाला सगळं खरं खरं सांगितलं. मी पडद्याआड लपले होते. त्या माणसाने हेल्मेट काढलं, टीव्हीकडे बघितलं आणि गंभीरपणे विचारलं, “खांद्याला काही फरक पडला का?”

मला ते मॅचला का नेतात याचं कारण त्यांनी आत्याला माझ्यासमोरच सांगितलं होतं. “ही कॉन्व्हेंटवाली पोरगी मनातल्या मनात बोलते. बोलतच नाही, म्हणजे चुकीचं बोलायची भीती नाही.” शाळेत बाईंनी प्रश्न विचारला की उत्तर येत असूनही मी बाकाकडे बघायचे. ऑफिसच्या मीटिंगमध्ये मी माझा माइक बंद आहे ना हे पुनःपुन्हा तपासते. माझ्या या गुणाचं इतकं कौतुक आजवर कोणीच केलेलं नव्हतं. मी येण्याआधी ते एकटेच जात, पण तिकिटं दोन काढत. आत्या त्या पराभवानंतर स्टेडियमची पायरी चढलेली नाही. “मला नको तो आळ,” ती म्हणते.

आता त्यांच्या काचेच्या कपाटाबद्दल सांगायला हवं, कारण माझी झोप त्यानेच उडवली होती. स्टेडियमवर कधीकधी खेळाडूंच्या मान डोलवणाऱ्या बाहुल्या फुकट वाटतात. आतोबांनी त्या वर्षानुवर्षं जमवून बैठकीच्या खोलीतल्या कपाटात मांडल्या आहेत. त्यातल्या बऱ्याच बाहुल्यांची पाठच आपल्याला दिसते. कारण जो खेळाडू आपल्यांना सोडून मोठ्या शहराच्या टीमकडे गेला, त्याचं तोंड आतोबा भिंतीकडे करतात. नवा पाहुणा आला की त्याला वाटतं, हे सगळे रुसून बसले आहेत. मी एकदा धीर करून, तिथे असलेल्या एका डावखुऱ्या खेळाडूच्या बाहुलीकडे बोट केलं. तोही गेला होता, हे मला आतोबांच्याच इतिहासातून ठाऊक होतं, पण त्याचं तोंड आपल्याकडे होतं. “तो सांगून गेला,” आतोबा म्हणाले. “शेवटच्या मॅचनंतर कठड्यापाशी आला, टोपी काढली, आम्हा सगळ्यांना सांगितलं. जाण्याचा राग नाही गं. पोटापाण्यासाठी माणसं जातात, मीही सांगली सोडलीच. पण बाकीच्यांचं मला पेपरात वाचायला लागलं.” आणि चालू लागले. त्या डावखुऱ्याच्या शेजारी एका चौकटीत, आपल्यांची ढगळ टोपी कानांपर्यंत घातलेली मी, असा माझ्या पहिल्या मॅचचा फोटो आहे.

मला प्लेनो या दूरच्या शहरात नोकरी मिळाली होती. चांगली, मला हवी होती तशी. पुढच्या महिन्यात जायचं होतं, म्हणजे सीझन संपायच्या आत. आईबाबांना त्याच आठवड्यात सांगितलं होतं, आतोबांना नाही. रोज संध्याकाळी मी माझ्या भाड्याच्या खोलीतून वाक्य जुळवत त्यांच्या घरी जात होते आणि शेंगा खाऊन परत येत होते. बाबा दर रविवारी सकाळी आत्याला फोन करतात. कालची मॅच शनिवारी दुपारची होती. म्हणजे माझ्याकडे एवढीच एक दुपार होती, नाहीतर आतोबांना ते आत्याकडून कळणार होतं. पेपरात वाचल्यासारखं.

पहिल्याच ब्रेकमध्ये सांगू असं ठरवलं, पण आतोबा नाचोच्या रांगेतल्या एका मुलाला घोडागाड्यांच्या काळातला पराभव समजावत होते. मग तिसऱ्या इनिंगनंतर. मग चौथ्या. आणि पाचव्या इनिंगला माझ्या लक्षात आलं की आता बोलताच येणार नाही. आपल्या नव्या पिचरने समोरच्या टीमला अजून एकही हिट, म्हणजे धावून सुखरूप पोचता येईल असा फटका, मिळू दिला नव्हता. संपूर्ण मॅचमध्ये एकही हिट न देणं ही फार दुर्मीळ गोष्ट, आणि ती घडत असताना तिच्याबद्दल चकार शब्द काढायचा नाही, जागा बदलायची नाही, जे करत होतो तेच करत राहायचं, हा नियम इथे सगळेच पाळतात. एरवी ओरडणारं ते अख्खं स्टेडियम परीक्षेच्या हॉलसारखं गप्प होत गेलं. पुढच्या रांगेतल्या बाईने अर्धवट खाल्लेला हॉट डॉग तसाच हातात धरून ठेवला. मी शेंग सोलत होते, म्हणून सोलतच राहिले. आतोबांच्या येरझाऱ्यांचा वेग वाढला. ते जवळ आले की मी तोंड उघडायचे, ते डोळे मोठे करायचे, मी मिटायचे. मांडीवर टरफलांचा ढीग झाला. आयुष्यात पहिल्यांदा मला बोलायचं होतं, आणि सगळं शहर माझ्यासारखं झालं होतं.

शेवटच्या, नवव्या इनिंगला समोरच्यांचे दोघे बाद झाले. एकच उरला. चेंडू उंच गेला नाही, जोरातही गेला नाही, आपल्या दोन खेळाडूंच्या मधोमध गवतावर अलगद पडला. हिट. एवढ्या माणसांचा सुस्कारा मी कधी ऐकला नव्हता. मग कोणीतरी टाळी वाजवली आणि सगळे त्या बिचाऱ्या पिचरसाठी उभे राहिले.

आणि आतोबांनी शेंगांची पिशवी उचलली आणि ते माझ्या शेजारी बसले.

पुढची बाई मागे वळून बघत राहिली. मॅच संपली नव्हती. आपण एकाच रनने पुढे होतो आणि त्यांचा एक माणूस अजून बाद व्हायचा होता. “आतोबा, उठा,” असं म्हणावंसं वाटलं. बसल्यावर ते फार लहान दिसत होते. गुडघे दाबत, मैदानाकडे न बघता ते म्हणाले, “बोल आता. पाचव्या इनिंगपासून ओठ हलताहेत तुझे.”

मी मांडीवरची टरफलं झटकली.

“आतोबा, उद्या बाबांचा फोन येईल, त्याआधी मीच सांगते. मला प्लेनोला नोकरी मिळाली आहे. पुढच्या महिन्यात जाणार आहे. माझा फोटो भिंतीकडे फिरवू नका.”